वाळवंटातलं सूर्यफूल बघायला निघताय? पहिल्यांदा जाणाऱ्यांसाठी

फेब्रुवारी लागला की दक्षिण कॅलिफोर्नियातल्या आपल्या मंडळींच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर एकच प्रश्न फिरू लागतो : "यंदा सुपरब्लूम, म्हणजे वाळवंटात फुलांचा प्रचंड बहर, आहे का?" मग कुणीतरी जुना फोटो नवा म्हणून टाकतं, कुणी पॉपीचा टाकतं, आणि शनिवारी दोन-तीन गाड्या चुकीच्या आठवड्यात चुकीच्या ठिकाणी जाऊन, वाटेत बर्गर खाऊन परत येतात. हा लेख त्या गाड्यांसाठी आहे.

विषय एकाच फुलाचा ठेवलाय : डेझर्ट सनफ्लॉवर, शास्त्रीय नाव जेरिया कॅनेसेन्स. कॅलिफोर्नियातल्या डेथ व्हॅली नॅशनल पार्कमध्ये याला 'डेझर्ट गोल्ड' म्हणतात. हे आपल्या झेंडू-शेवंती-सूर्यफुलाच्या कुळातलं, म्हणजे डेझीच्या कुळातलं, एका हंगामात उगवून, फुलून, बी टाकून संपणारं रोप. कॅलिफोर्निया, नेवाडा, ॲरिझोना, युटाचा कोपरा आणि सीमेपलीकडे मेक्सिकोतलं सोनोरा व बाहा कॅलिफोर्निया ही याची हद्द. वाळवंटातल्या बहराच्या फोटोत जमिनीवर मैलभर पिवळा पट्टा दिसतो, तो बऱ्याचदा याचाच असतो. सुरुवात याच्यापासून करावी असं माझं मत आहे, कारण हे मोठं आहे, रस्त्याच्या कडेला सापडतं आणि एकदा ओळख पटली की चुकत नाही.

पायरी १ : ऑक्टोबरपासून पावसाकडे लक्ष ठेवा

सगळ्यात महत्त्वाची पायरी हीच, आणि नेमकी हीच सगळे गाळतात. कासला जायचं तर भाद्रपदाच्या आसपासची तारीख धरून आपण बुकिंग करतो. सोनकी थोडी पुढे-मागे होईल, पण येणार हे नक्की असतं. इथे तसली खात्री नाही. इथे काही वर्षं फूल येतच नाही.

याचं बी वाळूत वर्षानुवर्षं पडून राहू शकतं. वाळवंटातल्या अशा रोपांच्या बियांवर अंकुर रोखणारी द्रव्यं असतात. भुरभुर पावसाने ती धुतली जात नाहीत. थोडक्या ओलीवर उगवून चार दिवसांनी करपून जाण्यापेक्षा बी गप्प राहतं. साधारण इंचभर, म्हणजे २५ मिलिमीटरच्या आसपास, एकदा चांगला झोडपून पाऊस झाला की ती द्रव्यं वाहून जातात आणि बी जागं होतं. कॅलटेकमधले वनस्पतिशास्त्रज्ञ फ्रिट्स वेंट यांनी १९४०च्या दशकात वाळवंटी बियांवर जे प्रयोग केले, त्यांतून या गोष्टीकडे लक्ष वेधलं गेलं. गंमत म्हणजे चांगल्या पावसातही सगळं बी एकदम उगवत नाही. काही पुढच्या वर्षांसाठी मागे राहतं.

नुसता पहिला पाऊस पुरत नाही. उगवल्यावर रोप थंडीभर जमिनीला चिकटून पानांचा चक्राकार झुबका करून बसतं. या काळात दर काही आठवड्यांनी थोडी ओल हवी, ऊन हवं, आणि कोरडा सोसाट्याचा वारा नको. जानेवारीत आठवडाभर उष्णतेची लाट आली की सगळं गणित बिघडतं.

आकड्यांत सांगायचं तर डेथ व्हॅलीत वर्षभरात सरासरी पाऊसच दोन इंचांच्या आसपास. २००४-०५च्या हंगामात तो सहा इंचांच्या वर गेला आणि २००५चा वसंत गाजला. ऑक्टोबर २०१५मध्ये तिथे वादळी पावसाने रस्ते वाहून गेले, स्कॉटीज कॅसलच्या खोऱ्यात पूर आला. त्याच पावसावर २०१६च्या फेब्रुवारी-मार्चमध्ये बॅडवॉटर रोड पिवळा झाला. १९९८, २००५, २०१६ ही तिथली मोठ्या बहराची वर्षं. त्यांच्यातलं अंतर बघा म्हणजे दर साली 'सुपर' का नसतं ते कळेल. सॅन दिएगोच्या बाजूच्या अँझा-बोरेगो पार्कमध्ये २०१७ आणि २०१९ ही दोन वर्षं तशी झाली.

तेव्हा करायचं काय? नॅशनल वेदर सर्व्हिसच्या साइटवर बोरेगो स्प्रिंग्ज (अँझा-बोरेगो) किंवा फर्नेस क्रीक (डेथ व्हॅली) इथला पाऊस महिन्यातून एकदा बघायचा. ऑक्टोबर ते डिसेंबरमध्ये एक दणकून पाऊस आणि नंतर जानेवारी-फेब्रुवारीत थोडा थोडा, असं दिसलं तर सुट्टी टाकायला हरकत नाही. पहिला पाऊसच जानेवारीत पडला असेल तर रोपं बुटकी राहतात आणि बहर उरकता होतो. काहीच पडलं नसेल तर यंदा गाडी डोंगरातल्या ज्यूलियन गावाला न्या, ॲपल पाय खा. सॅन दिएगोतल्या तुमच्या घरावर किती पडला याला मात्र अजिबात महत्त्व नाही. डोंगराच्या या बाजूला मुसळधार आणि त्या बाजूला थेंब नाही, हे इथे नेहमीचं.

पायरी २ : जागा

पहिल्यांदा जाणाऱ्याने अँझा-बोरेगो डेझर्ट स्टेट पार्कला जावं. कॅलिफोर्नियातलं हे सगळ्यात मोठं स्टेट पार्क. सॅन दिएगोहून गाडीने साधारण दोन तास, लॉस एंजेलिसहून तीनेक. पार्कच्या मधोमध बोरेगो स्प्रिंग्ज हे छोटं गाव आहे. गावाच्या उत्तरेला हेंडरसन कॅन्यन रोड नावाचा सपाट रस्ता आहे आणि चांगल्या वर्षी डेझर्ट सनफ्लॉवर बघायची पहिली जागा हीच. सोबत जांभळी-गुलाबी सँड व्हर्बेना आणि मोठ्या पांढऱ्या फुलांची ड्यून इव्हनिंग प्रिमरोज असते. पिवळा, जांभळा, पांढरा असे तिन्ही रंग एकाच वाळूत.

हे फूल वाळूचं आहे हे ध्यानात ठेवा. सपाट रेताड मैदान, कोरड्या ओढ्याची कड, क्रिओसोटच्या झुडपांमधली मोकळी जागा, आणि उंची साधारण हजार मीटरच्या खाली. दगडी उतारावर पिवळं दिसलं तर ते बहुधा दुसरंच काहीतरी. त्यावर पुढे बोलूच.

डेथ व्हॅलीत दक्षिण टोकाकडचा बॅडवॉटर रोड आणि ॲशफोर्ड मिलचा परिसर धरायचा. बे एरियाहून तिथे जायला आठ-नऊ तास लागतात, म्हणून लाँग वीकेंडशिवाय निघू नका. फिनिक्सच्या मंडळींना युमाच्या बाजूची वाळू जवळ पडते.

पायरी ३ : आठवडा नक्की करा

बोरेगोमध्ये फेब्रुवारीच्या शेवटापासून मार्चच्या मध्यापर्यंत, डेथ व्हॅलीच्या सखल भागात फेब्रुवारीच्या मध्यापासून एप्रिलच्या मध्यापर्यंत, हा ढोबळ अंदाज. ऐन बहराचे मात्र दोन-तीन आठवडेच मिळतात. थिओडोर पेन फाउंडेशन ही लॉस एंजेलिसची संस्था मार्च ते मे दर शुक्रवारी रानफुलांची खबर देते, फोनवरसुद्धा ऐकता येते. अँझा-बोरेगोचे आणि डेथ व्हॅलीचे रेंजरही हंगामात माहिती देत असतात. इन्स्टाग्रामवर भरवसा ठेवू नका. ठेवलात तर निदान फोटोची तारीख बघा.

जमलं तर आठवड्याच्या मधला दिवस धरा. मार्च २०१७मध्ये साडेतीन हजारांच्या आसपास वस्तीच्या बोरेगो स्प्रिंग्जमध्ये इतकी गर्दी लोटली की खानावळींतलं अन्न संपलं आणि वाहनांच्या रांगा डोंगरापर्यंत लागल्या. मुक्काम करायचा तर खोली आधीच हाताशी ठेवा, रद्द करता येईल अशी. रात्री राहिलात तर फायदा आहे : बोरेगो स्प्रिंग्जने रस्त्यावरचे दिवे मुद्दाम मर्यादित ठेवलेत, आकाश काळंभोर मिळतं.

पायरी ४ : सामान

पाणी माणशी चार लिटर, दिवसाला. मार्चमध्येही. पेट्रोल गावात शिरण्याआधी भरा. डोंगराच्या मागे फोनला रेंज नसते, नकाशा आधीच उतरवून घ्या. टोपी, पूर्ण बाह्यांचा शर्ट, बंद बूट. सँडल घालून येणाऱ्यांना चोया निवडुंग धडा शिकवतोच. त्याची बोंडं नुसतं घासून गेलं तरी कपड्याला चिकटून येतात. हाताने काढू नका, जाड दाताचा कंगवा मध्ये घालून उडवा. म्हणून कंगवा हवा. दहा पट मोठं दाखवणारं छोटं भिंगही घ्या. काही डॉलरमध्ये मिळतं आणि या सहलीचा निम्मा आनंद त्यात आहे.

खाणं घरचं. पोळीचे रोल, तिखटमिठाच्या पुऱ्या, चिवडा. दह्याचं काही नको. रँचिताहून बोरेगोला उतरणारा माँटेझुमा घाट वळणावळणाचा आहे. गाडी लागणाऱ्या मुलांसाठी आवळा सुपारी वरच काढून ठेवा, खाली पोचल्यावर उपयोग नाही.

अँझा-बोरेगोच्या बहुतेक भागाला प्रवेशशुल्क नाही, कॅम्पग्राउंडवर मात्र आहे. डेथ व्हॅलीला प्रवेशाचे पैसे पडतात.

पायरी ५ : पोचल्यावर आधी गाडी नीट लावा

सकाळी लवकर पोचा. दुपारी वारा सुटतो आणि फुलं इतकी हलतात की ना बघता येत ना फोटो निघत. गाडी डांबरी रस्त्याच्या बाहेर घ्यायची, पण मऊ वाळूत नाही. साध्या सिडानची चाकं तिथे रुततात आणि मग टोइंगवाल्याची वाट बघण्यात दिवस जातो. आधीच चाकोरी उमटलेली टणक कड शोधा. रस्त्यालगतची काही जमीन खाजगी आहे. पाटी असेल तर तिकडे पाय टाकू नका.

चालताना उघड्या वाळूवरून, एकामागे एक चाला. फुलं दिसतात म्हणून ती टाळतो आपण. पण त्यांच्या मधली न फुललेली बारकी रोपं पायाखाली जातात. झुडपांच्या सावलीत हात घालण्याआधी बघा. उन्ह वाढलं की रॅटलस्नेकही बाहेर पडतात.

पायरी ६ : एकच रोप निवडा आणि खाली बसा

पिवळा गालिचा रस्त्यावरूनच दिसला, झाला. आता एका रोपासमोर मांडी घाला.

उंची बघा. चांगल्या पावसात गुडघ्याच्या वर जातं, कमी पावसात वीतभर उंचीवर एकच फूल काढून मोकळं होतं. दोन्ही एकाच जातीची. वाळूतला जरासा खोलगट भाग आणि उंचवटा यांतही हा फरक दिसेल. पानं एकाआड एक, खालची रुंद, वरची अरुंद, कडांना थोडे दाते. रंग करडा-हिरवा, कारण सगळीकडे पांढरी लव आहे. ती ऊन परतवते आणि पानाची ओल टिकवते.

आता फूल खालून बघा. वरून सगळे बघतात, ओळख खाली आहे. फुलाला तोलून धरणाऱ्या हिरव्या छदांच्या (पानांसारख्या खवल्यांच्या) कडांना लांब पांढरे केस असतात. फूल उन्हाच्या आणि आपल्या मध्ये येईल असे वाका, म्हणजे त्या केसांतून उजेड येतो आणि फुलाखाली एक पांढरी झालर पेटल्यासारखी दिसते. ही झालर दिसली की शंका संपली.

मग वर या. ज्याला आपण एक फूल म्हणतो ती फुलांची अख्खी वस्ती आहे, हे सूर्यफुलाच्या बाबतीत शाळेत शिकलेलं आठवत असेल. कडेच्या सोनेरी 'पाकळ्या' म्हणजे किरणपुष्पकं, साधारण दहा ते एकवीस. टोकाला बारीक खाचा. त्यांना बी धरत नाही, त्यांचं काम किड्यांना खुणावण्याचं. बी धरतं ते मधल्या चकतीतल्या बिंबपुष्पकांना. भिंग लावा : चकतीच्या बाहेरच्या वर्तुळातली पुष्पकं उमललेली, परागांनी माखलेली, आणि मधली अजून मिटलेल्या कळ्या. उमलणं बाहेरून आत सरकत जातं. चकती अर्धी मिटलेली असेल तर फूल ताजं. पार मध्यापर्यंत उमलली असेल तर उतरणीला लागलंय. शेजारच्या चार-पाच फुलांवर हे तपासलंत की बहर चढतोय की उतरतोय ते कळतं, आणि पुढच्या शनिवारी येऊ पाहणाऱ्या मित्राला तुम्ही नेमकं सांगू शकता.

एखादं सुकलेलं बोंड मिळालं तर त्यातलं बी तिथेच तळहातावर घेऊन बघा. चपटं, काळं, कडेला पांढरी किनार, रेशमी केस आणि वरच्या टोकाला दोन अणकुच्या. बघून झालं की तिथेच टाका.

पायरी ७ : सारखी दिसणारी इतर पिवळी

पहिल्या दिवशी सगळ्यात जास्त फसवतं ते ब्रिटलबुश. पण ते झुडूप आहे, अनेक वर्षं जगणारं, चंदेरी पानांचा गोल घुमट. फुलं त्या घुमटाच्या वर बारीक काड्यांवर निघतात. दगडी उतारांवरचं पिवळं बहुतेक हेच. त्याचा डिंक सुकवून स्पॅनिश मिशनऱ्यांच्या चर्चमध्ये धुपासारखा जाळत. कोरड्या वर्षीही हे थोडंफार फुलतं, त्यामुळे "फुलं आहेत" अशी बातमी आली तर कुठली, हे विचारा.

डेझर्ट डँडेलियन फिकट लिंबू रंगाचं असतं आणि त्याला मधली चकतीच नसते, नुसत्या पट्ट्यांसारख्या पुष्पकांचे थर. कोवळ्या फुलात मध्ये लाल ठिपका असतो. रंगानेच ते वेगळं पडतं : सनफ्लॉवरचा पिवळा पिकलेल्या हापूसकडे झुकतो, डँडेलियनचा तसा नाही.

ॲरिझोनात आणि मोहावी वाळवंटाच्या पूर्वेला डेझर्ट मॅरिगोल्ड भेटेल. लोकरी पानं बहुतेक तळाशी, आणि लांब जवळजवळ निष्पर्ण दांड्यावर एकच गच्च फूल. दांडा बघून आपली एकदांडी आठवते. डेझर्ट मॅरिगोल्डच्या पाकळ्या वाळल्या की गळत नाहीत, कागदासारख्या होऊन राहतात. गोल्डफील्ड्स ही बटणाएवढी फुलं, त्यांच्यात गोंधळ व्हायचं कारण नाही.

पायरी ८ : फुलं खाणारे आणि जागा बळकावणारे

काही वर्षी तुम्ही पोचाल आणि फुलांऐवजी नुसते दांडे दिसतील. खाली बघा : बोटाएवढ्या जाड, पिवळ्या-काळ्या-हिरव्या पट्ट्यांच्या, मागे शिंग असलेल्या अळ्या. व्हाइट-लाइन्ड स्फिंक्स या पतंगाच्या या अळ्या बहराच्या वर्षी हजारोंनी येतात आणि शेतंच्या शेतं साफ करतात. त्या चावत नाहीत. इथले मूळ रहिवासी काहुइया लोक पूर्वी त्या गोळा करून खात. आजही अर्जेंटिनाहून उत्तरेकडे परतणारे स्वेन्सन्स हॉक हे शिकारी पक्षी फेब्रुवारी-मार्चमध्ये बोरेगोच्या खोऱ्यात त्यांच्यासाठी उतरतात; सकाळी शेकड्यांनी पक्षी जमिनीवर चालत अळ्या वेचताना दिसू शकतात. फुलं गेली म्हणून हळहळणाऱ्यांनी दुर्बीण काढावी.

दुसरा घुसखोर गंभीर आहे. सहारा मस्टर्ड ही आपल्या मोहरीचीच जातभाई, उत्तर आफ्रिका ते पश्चिम आशियाच्या कोरड्या भागातली. कॅलिफोर्नियात तिची पहिली नोंद १९२७मध्ये कोचेला खोऱ्यात झाली. ती कमी पावसातही लवकर उगवते, जमिनीवर ताटाएवढी पानं पसरते आणि डेझर्ट सनफ्लॉवरच्या कोवळ्या रोपांना ऊन-पाणी काही मिळू देत नाही. बोरेगोच्या वाळूत काही भागांत तिने मैदानंच्या मैदानं घेतली आहेत. स्थानिक स्वयंसेवक दर हिवाळ्यात ती मुळासकट उपटतात. तुम्हाला हात लावायचा असेल तर अशा मोहिमेत जा. एकट्याने उपटू नका, कारण पार्कमध्ये काहीही उपटायला मनाई आहे आणि नवख्याच्या हातून भलतंच रोप निघतं. बुटांच्या तळव्यात आणि सॉक्समध्ये तिचं बी अडकून गावभर जातं, तेव्हा निघताना गाडीशी बूट झटका.

पायरी ९ : फोटो

फुलांच्या उंचीला कॅमेरा आणा आणि उन्हाकडे तोंड करून काढा, ती झालर येते. फुलांत लोळण, मुलांना मध्ये बसवणं, साडीचा पदर ताटव्यावर पसरणं नको. लेक एल्सिनोरच्या वॉकर कॅन्यनमध्ये २०१९ साली लोकांनी पॉपीचे उतार तुडवले, गर्दीने गाव ठप्प झालं. २०२३मध्ये बहर येताच तिथल्या शहर प्रशासनाने कॅन्यनच बंद केलं. नॅशनल पार्कमध्ये ड्रोन उडवायला बंदी आहे. फुलं तोडणं तर स्टेट पार्क असो की नॅशनल, दोन्हीकडे गुन्हा.

पायरी १० : घरी लावायचं असेल तर

पार्कमधलं बी आणू नका. स्थानिक रानफुलांचं बी विकणाऱ्या नर्सऱ्यांत हे कधीकधी मिळतं. दक्षिण कॅलिफोर्निया किंवा ॲरिझोनात घर असेल तर ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्ये भरपूर वाळू घातलेल्या मातीत वर-वर पेरा, जेमतेम झाका, एकदा भरपूर पाणी द्या आणि मग हात आवरता घ्या. खत अजिबात नको. खताने पानं माजतात. समुद्राजवळ धुकं असतं, तिथे फार जोम धरत नाही.

पुण्या-मुंबईला पाठवायचा विचार सोडा. बी भारतात न्यायला परवाना आणि वनस्पती-आरोग्याचा दाखला लागतो, आणि आपला पावसाळा या रोपाला सोसण्याजोगा नाही. पिवळंच हवं असेल तर सह्याद्रीवर सोनकी आहे.

कुंडीत लावणार असाल तर खोल, तळाला मोठं भोक असलेली घ्या आणि खाली बशी ठेवू नका. पाणी साचलं तर मूळ कुजतं.